गाण्यातली 'मी' कोण?

(जवाहरनगर, जि. भंडारा येथे स्त्रियांच्या मेळाव्यात केलेल्या भाषणाचा हा मजकूर. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे.)



तुमच्या मंडळात गेले काही दिवस ८ मार्चच्या कार्यक्रमावरून वाद चालू आहे असं मला कळलं. लावणी बसवायची की नाही, हा तो वाद. काहीजणी म्हणतात, बायकांच्या हक्काच्या दिवशी बायकांनाच शिट्ट्यांसाठी नाचवायचं का? काहीजणी म्हणतात, ती आपल्या मातीची कला आहे, तिला नावं ठेवणाऱ्या आपण कोण? मला फोन करणारी म्हणाली, "ताई, तुम्ही या आणि एकदाचं काय ते सांगून टाका." मी काही सरपंच नव्हे. पण मत आहे, आणि ते मी सांगणार आहे. मात्र त्याआधी तुम्हाला जरा लांब न्यायचं आहे. थेट दक्षिण फ्रान्सला, आठशे वर्षं मागे. कंटाळू नका, फिरून आपण झाडीपट्टीतच येणार आहोत.

बाराव्या-तेराव्या शतकात दक्षिण फ्रान्समध्ये ऑक्सितान ही भाषा बोलली जाई. तिथल्या कवींना त्रुबादूर म्हणत. हे नुसते कवी नव्हते, ते शब्दही बांधत आणि चालही बांधत. आपल्याकडे त्यांना शाहीर म्हटलं असतं. त्यांतला पहिला, ज्याची गाणी आज हाती आहेत, तो अक्विटेनचा ड्यूक गिलेम. जन्म १०७१चा, म्हणजे चांगला मोठा संस्थानिकच. पण पुढे सगळ्या थरांतले लोक या कलेत आले. बेर्नार्त दे व्हेन्तादोर्न हा सगळ्यांत गोड गाणारा म्हणून नावाजलेला, तो गढीवरच्या नोकराचा मुलगा होता असं त्याच्या जुन्या चरित्रात लिहिलं आहे. गाणं रचणारा एक आणि ते गावोगाव जाऊन म्हणणारा दुसरा, असंही असे. म्हणणाऱ्याला जोग्लार म्हणत. आपल्याकडे होनाजी रचायचा आणि बाळा करंजकर गायचा, त्याच्यासारखंच.

या शाहिरांची अडीच हजारांच्या आसपास गाणी आज मिळतात. चाल मात्र दहातल्या एखाद्याच गाण्याची टिकली. तीही अर्धवट, कारण त्या वहीत सूर लिहिलेले आहेत, लय लिहिलेली नाही. आज ती गाणी गाणारे लोक लय आपल्या मनाने बसवतात. लावणीचे शब्द पुस्तकात वाचून ढोलकी कशी वाजली असेल याचा अंदाज बांधावा, तसं.

गाण्यांचा विषय प्रामुख्याने प्रेम. एक पुरुष, आणि त्याच्यापेक्षा वरच्या दर्जाची, बहुधा लग्न झालेली सरदारीण. तो तिच्यापुढे गुडघे टेकतो, हात जोडतो, तुझा चाकर आहे म्हणतो. तिचं खरं नाव घेत नाही, खुणेचं नाव घेतो. आणि तिला हाक मारतो 'मिदोन्स'. हा शब्द मोठा मजेशीर आहे. त्याचा अर्थ 'माझे धनी'. माझी धनीण नव्हे, माझे धनी! चाकराने सरदाराला म्हणावं तसं.

हे वाचल्यावर काही अभ्यासकांना वाटलं की बघा, त्या काळी बाईला केवढा मान होता. मला नाही तसं वाटत. सरदाराच्या बायकोची स्तुती म्हणजे त्या सरदाराच्या घराची स्तुती. ती गाणाऱ्याला आश्रय मिळे, कपडे मिळत, घोडा मिळे. देव्हाऱ्यात बसवलेल्या बाईला बोलावं लागत नाही, ते आपल्याला काय सांगायला हवं का? गाण्यात 'मी' म्हणतो तो पुरुष. झुरतो तो, रुसतो तो, आशा धरतो तो. ती ऐकते.

आणि हे गाणं गढीवरच्या बाईचं. गुरं-मेंढरं राखणाऱ्या पोरीसाठी वेगळा प्रकार होता, पास्तोरेला. त्यात घोडेस्वार सरदार रानात एकटी पोर बघतो आणि तिच्याशी लगट करू लागतो. तिच्यापुढे कोणी गुडघे टेकत नाही. उत्तर फ्रान्सच्या भाषेतल्या अशा काही गाण्यांत तर बळजबरीसुद्धा गमतीची गोष्ट म्हणून सांगितली आहे. दक्षिणेकडच्या मार्काब्रू नावाच्या शाहिराने मात्र एक मेंढपाळ पोर अशी उभी केली की ती त्या सरदाराचा प्रत्येक मुद्दा परतवते आणि त्याला रिकाम्या हाताने पाठवते. तीही पुरुषानेच लिहिलेली, पण तिची जीभ मला आवडते.

आता मुद्द्याचं. या शाहिरांमध्ये बायकाही होत्या. त्यांना त्रोबाइरित्स म्हणतात. विसेक जणींची नावं मिळतात. त्यांची गाणी किती, यावर मात्र अजून भांडण आहे. कोणी तेवीस म्हणतं, कोणी चाळीसच्या पुढे जातं. कारण काय? बिनानावाचं गाणं असेल आणि त्यात बाई बोलत असेल, तर ते बाईचं की बाईचं सोंग घेतलेल्या पुरुषाचं, हे ठरवायचं कसं? आणि काही पंडितांची पद्धत अशी की नाव बाईचं असलं तरी आधी शंका घ्यायची. पुरुषाच्या नावाच्या गाण्यावर अशी शंका सहसा कोणी घेत नाही. १९७६ साली मेग बोगिन या बाईने या सगळ्या कवयित्रींचं पुस्तक इंग्रजीत आणलं, तेव्हा कुठे त्या वर्गाबाहेरच्या बायकांपर्यंत पोचल्या. तो स्त्री-चळवळीचाच काळ होता, हे लक्षात घ्या.

या कवयित्री काय म्हणतात? दियाची काउंटेस म्हणून एक आहे. हस्तलिखितांत तिचं स्वतःचं नाव येत नाही, अमुक गावची काउंटेस असंच येतं. तिच्या एका गाण्याची चाल टिकली आहे, आणि बायकांच्या सगळ्या गाण्यांत चालीसकट टिकलेलं ते एकटंच गाणं. ती त्यात खुणा करत नाही, आडवळण घेत नाही. मी तुझ्याशी नीट वागले, मी रूपाने कमी नाही, बुद्धीने कमी नाही, मग तू मला का फसवलंस, असं सरळ विचारते. दुसऱ्या एका गाण्यात तर नवऱ्याच्या जागी तू हवा होतास म्हणते. पुरुषांच्या गाण्यातली ती देव्हाऱ्यातली बाई तोंड उघडते, तर तिच्या तोंडून हिशेब निघतो!

दुसरी, मारिया दे व्हेन्तादोर्न. तिचा आणि गी दुसेल या शाहिराचा सवाल-जवाब आहे. त्याला ते 'तेन्सो' म्हणत, आपल्या कलगी-तुऱ्यासारखा प्रकार. प्रश्न असा की, बाईने पुरुषाचं प्रेम स्वीकारलं की पुढे दोघं बरोबरीचे, का त्याने आधीसारखंच नम्र राहायचं? गी म्हणतो, आता बरोबरी. वरवर ऐकलं तर हा पुरोगामी वाटतो. मारिया म्हणते, मागताना गुडघ्यावर बसून चाकर म्हणवलंस, मिळाल्यावर बरोबरीचा झालास, याला दगाबाजी म्हणतात. लग्नाआधी आणि लग्नानंतरचा नवरा ज्यांनी पाहिला आहे त्यांना हा मुद्दा समजावून सांगायची गरज नाही. (हसू नका, तुमच्याच गालावर खळी पडली.)

तिसरं गाणं तर मला इथं बसून लिहिल्यासारखं वाटतं. दोन बहिणी, आलाइस आणि इसेल्दा, कारेन्सा नावाच्या शहाण्या बाईला विचारतात, लग्न करावं की बिनलग्नाचं राहावं? लग्नाची भीती वाटते, मूल झालं की अंग ढासळतं, पोट सुटतं, म्हणतात. शूर सरदार आणि चांदण्या रात्रीच्या त्या सगळ्या साहित्यात बाळंतपणाने पोटावर पडलेल्या सुरकुत्या यायला तीन बायका एकत्र बसाव्या लागल्या. कारेन्सा त्यांना जे उत्तर देते त्याचा अर्थ बहुतेक अभ्यासक 'मठात जा' असा लावतात. त्या काळी लग्न नको असलेल्या बाईला दुसरा दरवाजा तोच होता.

पण एक विसरून चालणार नाही. या सगळ्या मोठ्या घरच्या बायका होत्या. त्यांच्या घरी लिहिणारे होते, चामड्याची पानं होती. मेंढरं राखणारी काही गातच नव्हती का? गात असणारच. तिचं गाणं कुणी वहीत उतरवलं नाही. पुढे १२०९ ते १२२९ अशी वीस वर्षं धर्माच्या नावाने त्या मुलखावर मोहीम झाली, गढ्या पडल्या, आश्रयदाते गेले आणि हळूहळू ती कलाही विझली.

आता घरी येऊ या.

आपल्याकडे बरोबर याच जातीचं, शब्द आणि चाल एकत्र बांधलेलं शृंगाराचं गाणं उत्तर पेशवाईत बहरलं. राम जोशी, अनंत फंदी, होनाजी, सगनभाऊ, परशराम, प्रभाकर. ब्राह्मण, गवळी, शिंपी, मुसलमान, सगळे यात आहेत, हे कौतुक आहेच. पण एक फरक पाहा. त्रुबादूर पुरुष म्हणून बोलतो. आपला शाहीर लावणीत बाई होऊन बोलतो. विरह तिचा, रुसवा तिचा, इच्छा तिची, आणि हे सगळं लिहिणारा तो. वर शेवटी छाप स्वतःच्या नावाची. त्यामुळे गाण्यातली 'मी' एक आणि गाण्याखालची सही दुसऱ्याची. आणि पेशवाईत बाईच्या वेषात नाचणाराही मुलगाच असे. म्हणजे लिहिणारा पुरुष, नाचणारा पुरुष, बघणारा पुरुष, आणि विषय बाई.

त्याच काळात पुण्यात बटकी आणि कुणबिणींची खरेदी-विक्री होत होती. शर्मिला रेगे यांनी १९९५च्या त्यांच्या लेखात लावणीकडे या बाजूने पाहायला शिकवलं. लावणीत रंगवलेली सदा उत्सुक बाई आणि बाजारात विकलेली बाई, ही एकाच राज्यातली आहे. खालच्या मानलेल्या जातीची बाई म्हणजे तिला काही लाजलज्जा नसते, हा समज त्या गाण्यांनी पक्का केला. आणि तो समज अजून गेलेला नाही.

मग एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला बाई प्रत्यक्ष फडावर आली. पवळाबाई हिवरगावकर हे त्यातलं पहिल्या काहींतलं नाव. संगमनेरजवळच्या हिवरगावची, महार समाजातली. तिच्यासाठी लावण्या रचणारे पठ्ठे बापूराव, म्हणजे रेठऱ्याचे श्रीधर कुलकर्णी, जन्म १८६६चा. ब्राह्मणाने घरदार सोडून तमाशात जावं ही गोष्ट आपल्याला पुन्हा पुन्हा सांगितली जाते, आणि ती धाडसाची आहे यात शंका नाही. पवळाने काय सोडलं, काय सोसलं, हे कुणी त्याच तपशिलात सांगत नाही. गाणी त्यांची म्हणून छापली गेली. तिचा आवाज, तिची अदा, प्रेक्षकाला गप्प करण्याची तिची ताकद, हे कागदावर कसं उतरणार? विठाबाई नारायणगावकरांनी दिवस भरलेले असताना फडावर नाच केला, मधेच पडद्यामागे जाऊन बाळंत झाल्या आणि पुन्हा उभ्या राहिल्या, हा किस्सा टाळ्यांसाठी सांगतात. मला तो ऐकताना टाळी वाजवता येत नाही. त्या २००२ साली गेल्या. शेवटचे दिवस पैशाच्या ओढाताणीत काढले आणि नंतर त्यांच्या नावाने शासनाचा पुरस्कार सुरू झाला. कोल्हाटी समाजातल्या बाईचं आयुष्य आतून पाहायचं असेल तर किशोर शांताबाई काळे यांचं 'कोल्हाट्याचं पोर' वाचा, १९९४चं. लेखकाने आईचं नाव लावलं आहे, त्यातच अर्धं पुस्तक आलं.

तरी मी असं म्हणणार नाही की या बायका नुसत्या पुरुषांच्या हातातल्या बाहुल्या होत्या. वाईच्या यमुनाबाई वाईकर बसून लावणी गात. २०१२मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली, २०१८मध्ये त्या गेल्या. एकच ओळ दहा तऱ्हांनी करून दाखवायची ही बैठकीच्या लावणीची रीत. ओळ शाहिराची, पण दहाव्या वेळी ती ओळ कुणाची झालेली असते? मला वाटतं, गाणारणीची. शाहिराने लाडिक लिहिलेला शब्द ती टोमणा करून टाकू शकते. हे करायला अक्कल लागते, आणि तिला आपण कला म्हणतो तेव्हा बहुधा कंबरेकडे बघत असतो.

आपल्या विदर्भाला यात आणखी एक मान आहे. मराठीची आद्य कवयित्री महदंबा, महदाइसा, तिने धवळे रचले ते रिद्धपूरला, अमरावती जिल्ह्यात, तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात. म्हणजे तिकडे त्रुबादूरांची शेवटची पिढी गात होती तेव्हा. ती बालविधवा होती, महानुभाव पंथाची. लीळाचरित्रात ती चक्रधरांना सारखे प्रश्न विचारताना दिसते. आपल्या भंडाऱ्याचाही तिच्याशी धागा आहे. चक्रधरांचे शिष्य नीळभट भांडारेकर, तिचे गुरुबंधू, इथले. तिचे गुरू गोविंदप्रभू यांच्या लग्नाचा खेळ मांडला गेला, तेव्हा तिला वराची गाणी म्हणायला सांगितलं आणि तिने कृष्ण-रुक्मिणीचं लग्न गाऊन उभं केलं. रुक्मिणी कोण? विदर्भाची लेक. भावाने ठरवलेलं स्थळ नाकारून स्वतः निरोप धाडणारी. ज्या बाईला स्वतःच्या लग्नाची गाणी आयुष्यात पुन्हा ऐकू यायची नव्हती, जिला मंगलकार्यात पुढे येऊ दिलं जात नसे, तिच्याकडून मराठीतलं पहिलं लग्नाचं गाणं आलं. महानुभावांचे ग्रंथ सांकेतिक लिपीत बंद असल्याने बाकीच्या महाराष्ट्राला ते विसाव्या शतकापर्यंत वाचताच येत नव्हते. आता रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ झालं आहे. त्याच्या फाटकातून आत जाणाऱ्या मुलींना महदंबा कोण ते कळेल, अशी आशा करू.

जनाबाई, सोयराबाई यांचीही आठवण ठेवा. जनाबाई सही करते ती नामदेवाची दासी म्हणून, सोयराबाई चोख्याच्या नावाने. सोयराबाईने विटाळाला जे उलट प्रश्न केले आहेत ते आजही आपल्यातल्या कित्येकींना मोठ्याने विचारता येत नाहीत. पण सही अशी. दियाची काउंटेस, नाम्याची जनी. बाई गावाच्या नावाने ओळखायची नाही तर माणसाच्या.

आणि आपली झाडीपट्टी? दंडार आपण सगळ्यांनी पाहिली. खडी गंमत पाहिली. डफ, तुणतुणं, रात्रभर सवाल-जवाब. कलगी आणि तुरा यांचा मूळ वाद काय आहे माहीत आहे ना? शक्ती मोठी की शिव मोठा, प्रकृती मोठी की पुरुष. सरळ सांगायचं तर बाई मोठी की बाप्या. हा वाद आमच्या गावच्या पारावर रात्रभर चालायचा आणि दोन्ही बाजूंनी पुरुषच भांडायचे! साडी नेसलेला नाच्याही पुरुष. बायका लांब, अंधारात, पदर तोंडावर धरून. मी लहानपणी आजीला विचारलं होतं, तू का नाही उत्तर देत? ती म्हणाली, "मी पहाटे देतो." आमच्याकडे बाया 'देतो', 'जातो' असंच बोलतात, ते तुम्हाला ठाऊक आहे. पहाटे म्हणजे जात्यावर. रात्री ऐकलेल्या शाहिराला ती दुसऱ्या दिवशी दळताना उत्तर द्यायची. ऐकायला फक्त जातं.

या जात्यावरच्या ओव्या जमवण्याचं सगळ्यांत मोठं काम पुण्याला हेमा राईरकर आणि गी प्वातव्हँ यांनी केलं. गी मूळचे फ्रान्सचे. १९८०च्या दशकापासून खेडोपाडी कार्यकर्त्या बायकांना सोबत घेऊन त्यांनी लाखाच्या वर ओव्या जमवल्या, आणि प्रत्येक ओवीपुढे ती गाणाऱ्या बाईचं आणि गावाचं नाव लिहिलं. आता त्या इंटरनेटवर ऐकायलाही मिळतात. आठशे वर्षांपूर्वी त्या मेंढपाळ पोरीसाठी कुणी केलं नाही ते हे काम.

आता तुमचा वाद. 'लावणी बाजारू आहे, नको' असं म्हणणाऱ्या बहिणींना माझं सांगणं की बाजार तिने मांडला नव्हता. तुमचा राग गाण्यावर नको, मांडणाऱ्यांवर हवा. 'ती आपली कला आहे' म्हणणाऱ्यांना विचारते, आपली म्हणजे कुणाची? आपल्यातली एखादी नऊवारी नेसून गॅदरिंगला नाचली तर ती हौस, तिचे फोटो भिंतीवर. तीच लावणी कोल्हाट्याची पोर नाचली तर ती 'नाचणारी', तिला घर भाड्याने मिळत नाही. दोन्ही गटांनी मला गाण्याबद्दल खूप सांगितलं. नाचणाऱ्या बाईबद्दल एकीनेही सांगितलं नाही.

माझं मत असं. करा लावणी. पण सुरू करण्याआधी माइकवर सांगा की हे शब्द कुणाचे, आणि ही आधी कोणत्या बाईने गाजवली, तिची जात-बिरादरी कोणती आणि तिचं पुढे काय झालं. दोन मिनिटं लागतात. शक्य असेल तर फडावरच्या एखाद्या ज्येष्ठ कलावतीला बोलवा. पाहुणी म्हणून बोलवा, खुर्ची द्या, आणि मानधन आधी द्या, नारळ-शाल नंतर. लावणीच्या शेजारी आणखी एक गोष्ट करा, कलगी-तुरा. शक्ती मोठी की शिव मोठा, हा सवाल यंदा बायकांनीच दोन्ही बाजूंनी लढवावा. शब्द स्वतःचे बांधा. यमक चुकलं तर चुकलं. आणि छाप स्वतःच्या नावाची टाका, 'सौ. अमुक' नको, मंडळाचंही नको.

वसाहतीत तुम्ही ठिकठिकाणाहून आलेल्या आहात. कुणी बंगालची, कुणी आंध्राची, कुणी बालाघाटकडची. निर्माणीतल्या पाळ्यांचं घड्याळ तुमच्याही घराला लागू आहे, त्यामुळे तालमीला वेळ मिळत नाही ही अडचण खरी. तरी हिंदीत, बंगालीत, तेलुगूत, पोवारीत, गोंडीत सवाल आला तर येऊ द्या. तेन्सोतही काही शाहीर दुसऱ्या भाषेत उत्तर देत. समजावून सांगायला शेजारीण आहेच.

मागच्या टेबलावर कोरे कागद ठेवले आहेत. आई, आजी, सासू, मोलकरीण, कुणाकडूनही ऐकलेलं एखादं गाणं येत असेल तर लिहून द्या. चाल लक्षात असेल तर बाजूला थांबा, आपण रेकॉर्ड करून घेऊ. कागदाच्या वर आधी गाणं सांगणारीचं नाव लिहायचं, मग गाव, मग गाणं. नाव लिहायचं नसेल तर तसंही चालेल, पण ते तिला विचारून ठरवा. दुपारच्या जेवणानंतर आपण ते वाचायला बसू. आता तुमचे सवाल येऊ द्या.